रविवारी वाचायचं पत्र

नाही, त्या खुर्चीवर नको फादर, तिचा पाय ढिला आहे — ह्या इथे बसा, पंख्याखाली — आणि पत्र ठेवा टेबलावर. वाचतो, वाचतो. सहा वर्षं थांबलो, अजून दहा मिनिटांनी काय बिघडतंय. चहा मात्र मिळायचा नाही, आयव्ही, म्हणजे बायको, बाजारात गेलीय आणि मी केलेला चहा मलाच जात नाही, तुम्हाला कुठे देऊ. येईल ती अर्ध्या तासात. कोळणीशी बोलत बसली तर जास्त. तुम्ही वसईचे ना? मग तुम्हाला सांगायला नको, आमच्या बायका मासे घ्यायला गेल्या की घड्याळ घरी ठेवून जातात. तर ती यायच्या आत बोलून घेतो. आणि एक आधीच सांगतो — हे कन्फेशन नाही. मी गुडघ्यावर बसलेलो नाही, तुम्ही गळ्यात तो जांभळा पट्टा घातलेला नाही. नुसतं बोलणं आहे. तुम्ही नवीन आहात, चार महिने झाले तुम्हाला येऊन, तुम्हाला कमिटीने त्यांच्या बाजूने सांगितलं असेल. माझ्या बाजूचं कोण सांगणार? मीच.

आमच्या घराला पेटीवाले म्हणतात हे तरी सांगितलं असेल. हे मागे टॉवर आले ना, कोलशेतच्या बाजूने, त्यातल्या लोकांना आमचं आडनाव माहीत नाही, पण गावठाणात रिक्षा घेऊन या आणि पेटीवाल्यांचं घर विचारा — कुत्रं पण दाखवेल. माझे आजोबा, माझे वडील, मग मी. देवळातल्या मायच्या मूर्तीच्या अंगावरचं जे सोनं आहे, लोकांनी नवसाला दिलेलं, ते वर्षभर पेटीत असतं आणि पेटीची चावी आमच्याकडे. सणाच्या आदल्या दिवशी पेटी ह्या घरात येते. इथे, ह्याच पडवीत, घरातल्या बायका रिठ्याच्या पाण्यात एकेक दागिना धुतात, सुकवतात, फडक्यात बांधतात, आणि दुसऱ्या दिवशी सकाळी मेणबत्त्या लावून, बँड लावून, गावची माणसं पेटी परत देवळात घेऊन जातात. यादी नाही. वजन नाही. काय म्हणता, का नव्हती? सगळे हेच विचारतात. अहो, पेटीवाल्यांच्या घरी जाणाऱ्या पेटीची यादी करायची म्हणजे पेटीवाल्यांच्या तोंडावर चोर म्हणायचं. माझ्या वडिलांना कोणी यादी मागितली असती तर त्यांनी चावी विहिरीत टाकली असती. आमचा शब्द हीच यादी. शंभर वर्षं ती पुरली.

मी वागळे इस्टेटला टूलरूममध्ये होतो, चौतीस वर्षं. मायक्रॉनमध्ये काम केलेला माणूस आहे मी, फादर. केसाच्या जाडीचे तुकडे करायचे, त्यातला एक तुकडा इकडेतिकडे झाला तर जॉब रिजेक्ट. मला चूक सहन होत नाही, हे माझं वाईट आहे, आयव्ही म्हणते. म्हणायची. आता आठ दिवस काही म्हणत नाही. मी पण नाही म्हणत. ते येतं पुढे.

दोन हजार एकोणीसचा, मायचा सण. आठ सप्टेंबर. मला ताप, अंग नुसतं फणफणलेलं, पाऊस असा की बँडवाल्यांचा टेम्पो अडकलेला. मी म्हटलं सणाची मिस्सा उशिरा व्हायला नको, नेविल, तू जा पेटी घेऊन, बाइकवर जा. एकटा. मीच पाठवला. पेटी एकट्याने न्यायची नाही, बँडशिवाय न्यायची नाही, हे मला ठाऊक नव्हतं? होतं. पण माझा मुलगा आहे, सत्तावीस वर्षांचा घोडा, देवळाच्या क्वायरमध्ये गाणारा, त्याला काय होतंय. ही माझी चूक झाली, एवढी एकच. माय सजवली, मिरवणूक काढली, आणि मिरवणुकीत आमची बिट्रिस — म्हणजे माझ्या थोरल्या भावाची बायको, तिची नजर म्हणजे काय सांगू — ती म्हणाली, मायच्या गळ्यात पोवळ्याची पोत कुठे आहे?

ती पोत आमच्याच घरची. मीच दिलेली, नव्वद साली, नवसाला. सोन्याचे मणी आणि मधे पोवळी, जुनी घडण, आता असं कोणी करत नाही. म्हणजे बघा, आमच्याच घरची वस्तू, आमच्याच घरातून गेली, असं लोक बोलायला लागले. नेविल एकटा घेऊन गेला ना. नेविलने गाडी नवीन घेतली ना. संध्याकाळी कमिटी इथे पडवीत येऊन बसली, सात माणसं, मी तापात, चादर घेऊन बसलो. आणि त्यांच्यातला एक म्हणाला, फेलिक्स, घरात एकदा शांतपणे विचारून बघ.

शांतपणे. माझं डोकंच फिरलं. मी उठलो, नेविलला हाताला धरला, आणि चौकातल्या क्रुसाजवळ नेला, पावसात, सगळं गाव बघतंय, आणि म्हटलं, हात ठेव. सांग, तू पोत घेतलीस? त्याने हात ठेवला, म्हणाला, मी पोत घेतली नाही. ऐकलंत ना, मी म्हटलं सगळ्यांना, विषय संपला. माझा मुलगा खोटं बोलत नाही. आणि बोलला पण नव्हता. हेच तर आहे, फादर, तो एक शब्द खोटं बोलला नव्हता.

घरी आलो तर आयव्ही दारात. म्हणाली, फेलिक्स, आत ये, मला बोलायचंय, त्या पोतीचं — आणि मी ओरडलो. ह्या घरात कोणी तोंड उघडायचं नाही, म्हटलं. ह्या घरात चोर नाही, आणि ज्याला वाटतं त्याने पोलिसांत जावं. आणि मग मला वाटलं, ते कशाला जातील, मीच जातो. चादर टाकली, रेनकोट घातला, रिक्षा केली, आणि तासाभरात तक्रार लिहून दिली. देवळाचं सोनं गायब, चौकशी करा, कोणालाही सोडू नका, माझ्या घरापासून सुरुवात करा. असंच लिहिलं. माझ्या घरापासून. इन्स्पेक्टर बिचारा म्हणाला, काका, नक्की ना? मी म्हटलं, नक्की.

मग सहा वर्षं, फादर. तुम्हाला चार ओळीत सांगतो, पण सहा वर्षं आहेत ती. नेविलचं वसईच्या मुलीशी ठरलेलं, तुमच्याच बाजूची, चांगले लोक — त्यांनी निरोप पाठवला की मुलीला अजून शिकायचंय. क्वायरमधून त्याला कोणी काढलं नाही, फक्त सरावाची वेळ कळवणं बंद केलं. मागच्या गल्लीत लग्न होतं, उंबराचं पाणी, नवरानवरीच्या आंघोळीचं, काढायला विहिरीवर बायका निघाल्या, बँड वाजत, नाचत — आमच्या दारासमोर बँड थांबतो, नेहमीचं आहे, आयव्ही बँडवाल्यांसाठी पाच रुपयाची नोट आणि पेला घेऊन उभी असते — तर दारासमोर आल्यावर त्यांनी वाजवणं बंद केलं. आमच्या घरावरून मुकाट्याने गेले. पुढच्या घराला परत सुरू. आयव्ही पेला घेऊन उभीच. मी म्हटलं, आत ये, मी ह्यांना बघून घेतो. आणि मी बघून घेतलं. बिशपच्या ऑफिसला पत्रं लिहिली, एकतीस पत्रं, सगळ्यांच्या झेरॉक्स आहेत वर. कमिटीच्या प्रत्येक मीटिंगला उभा राहिलो. लॉकडाऊन आला, मी फोनवरून भांडलो. नेविल एकवीस साली मस्कतला गेला. म्हणाला, डॅडी, सोडा आता, मी सोडलंय, तुम्ही पण सोडा. मी म्हटलं, तू सोड, तू पोरगा आहेस, मी बाप आहे. विमानतळावर म्हटलं मी हे, आणि आयव्ही रडली. मला वाटलं मुलगा चाललाय म्हणून रडतेय.

आणि बिट्रिस. तिचं सांगितलं नाही तुम्हाला. पोलीस चौकशीत तिने सांगितलं की त्या दिवशी सकाळी नेविलची बाइक सिमेटरीच्या गेटवर उभी होती, तिने बघितली, ती दूध घेऊन येत होती. पेटी घेऊन देवळात जाणारा माणूस सिमेटरीत कशाला जाईल? मी तिला भर देवळाच्या आवारात खोटारडी म्हटलं. कुठली सकाळ, कुठला पाऊस, तुला समोरचं दिसत नाही, तुझ्या डोळ्यात मोतीबिंदू आहे असं म्हटलं. तिच्या नवऱ्याला, माझ्या सख्ख्या भावाला म्हटलं, तुझ्या घरात मी पाऊल ठेवणार नाही. आणि नाही ठेवलं. वीस साली तो गेला, कोविडमध्ये, तेव्हा मी सिमेटरीच्या गेटच्या बाहेर उभा होतो. सगळेच बाहेर होते म्हणा, आत कोणालाच सोडत नव्हते. पण मला सोडलं असतं तरी गेलो नसतो. माझ्या मुलाला चोर म्हणणाऱ्या बाईच्या घरी मी कसा जाणार?

बरं. तर जिंकलो. पोलिसांनी फाइल बंद केली, पुरावा नाही. जुनी कमिटी गेली, नवीन आली, तुम्ही आलात, आणि ठरलं की पत्र वाचायचं, मिस्सेमध्ये, सगळ्या गावासमोर, आणि पेटीची चावी, तेव्हा काढून घेतलेली, मला परत द्यायची. पहिला मसुदा तुम्ही पाठवलेला, आठवतं? त्यात होतं, नेविलवर जो संशय घेतला गेला तो निराधार होता, आणि पॅरिश त्याबद्दल दिलगीर आहे. सुंदर होतं. साधं. आणि मी काय केलं? मी लाल पेनाने खूण केली. मी म्हटलं, नेविल एकटा कशाला, कुटुंब लिहा. बोट माझ्या सगळ्या घरावर होतं. लिहा, पेटीवाल्यांच्या कुटुंबातल्या कोणीही देवळाच्या वस्तूला कधीही हात लावलेला नाही. तुम्ही म्हणालात, फेलिक्स अंकल, एवढं कशाला, आणि मी तुम्हाला अर्धा तास फोनवर ऐकवलं, इज्जत काय असते त्यावर. तुम्ही शांतपणे ऐकून घेतलंत. आता पण शांतपणे ऐकताय. सवय आहे तुम्हाला. तेच वाक्य आहे ना आत? मला माहीत आहे, मी सांगितलं तसं तुम्ही बदललं असणार. म्हणून मी उघडत नाहीये.

ऑक्टोबरच्या शेवटी, दोन नोव्हेंबरच्या, मेलेल्यांच्या दिवसाच्या आधी, सगळे सिमेटरी साफ करायला जातात, तसा मी गेलो. आमचा ओवेन आहे तिथे. हे तुम्हाला माहीत नसणार, कोणी सांगत नाही आता. आमचा मुलगा, थोरली मुलगी शॅनन, तिच्या पाठचा. चार वर्षांचा होता, नव्वद साली मेंदूज्वराने गेला. आधी जमिनीत होता, मग जागा लागते ना, तर काही वर्षांनी हाडं काढून भिंतीतल्या कप्प्यात ठेवली, समोर संगमरवराची पाटी, चार स्क्रू. ती पाटी हलत होती. मी म्हटलं पांढरं सिमेंट घेऊन जावं, आणि स्क्रू ड्रायव्हर. पाटी काढली. मी कधी काढली नव्हती, फादर, ज्या दिवशी ठेवली त्यानंतर. लहान पेटी आहे, लाकडाची, बुटांच्या खोक्यापेक्षा लहान. तिच्यावर रुमाल. रुमालाच्या कोपऱ्याला आयव्हीची भरतकामाची वेल आहे, ती मी ओळखतो, माझ्या खिशात पण तसलेच असतात. आणि रुमालात पोत.

उठू नका फादर, बसा, पुढे ऐका.

काळी पडली नव्हती. सोनं कुठलं काळं पडतंय. पोवळी तेवढी फिकट झाली. बाजूच्या कबरीवरची बाई म्हणाली, अंकल, बरं वाटत नाही का, पाणी देऊ? मी म्हटलं, नको. रुमाल बांधला, पेटीवर ठेवला, पाटी बसवली, चारही स्क्रू आवळले, आणि कडेने सिमेंट भरलं. व्यवस्थित. बोटाने फिनिशिंग केलं. त्या क्षणाला मी काय केलं हे मला घरी येईपर्यंत कळलं नाही. मी पण लपवलं. सहा वर्षं ज्यांना चोर शोधा चोर शोधा म्हणत होतो, त्यांना सांगायचं सोडून मी स्वतःच्या हातानेच भिंत बंद केली.

घरी आलो, वर गेलो, नेविलला फोन लावला. म्हटलं, ओवेनच्या कप्प्यात काय आहे? मला वाटलं तो म्हणेल, काय आहे? तो म्हणाला, डॅडी, तुम्हाला आत्ता कळलं? आत्ता, फादर. म्हणजे त्याला वाटत होतं मला कधीतरी कळलंच असणार आणि मी तरी पण हे सगळं करत होतो. मग सांगितलं त्याने. आदल्या दिवशी सोनं धुताना आयव्हीने पोत बाजूला ठेवली, परत फडक्यात बांधलीच नाही. सकाळी मी तापात झोपलेलो, ती देवळात फुलं करायला म्हणून गेली ती सिमेटरीत गेली. नेविलला म्हणाली, जाताना दोन मिनिटं तिथे थांब, तुझ्या बाइकच्या टूलकिटमध्ये स्क्रू ड्रायव्हर आहे ना. त्याने पाटी उघडून दिली. तिने ठेवलं. त्याने विचारलं पण नाही. त्याने पोत घेतली नव्हती हे खरंच होतं, मी त्याला भर चौकात क्रुसावर हात ठेवायला लावला आणि तो आईसाठी अगदी मोजून खरं बोलला. त्याचं लग्न मोडलं, गाणं गेलं, देश सोडला, आणि दर रविवारी मला फोन करून विचारायचा, डॅडी, जेवलात? गोळ्या घेतल्या? ज्या आवाजात आत्ता हे सगळं सांगितलं. त्याच आवाजात.

शॅननला फोन केला, ती शहाडला असते, नवरा रेल्वेत आहे. तिला पण माहीत. तिला नेविलने त्याच महिन्यात सांगितलेलं. ती म्हणाली, डॅडी, आम्ही तुम्हाला सांगायला दोनदा आलो, तुम्ही कागद काढून बसलेले असायचात. मग मला कळलं की म्हातारे फादर, तुमच्या आधीचे, ते मला नेहमी का म्हणायचे, फेलिक्स, सोडून दे, माफ कर. मी त्यांना म्हणायचो, तुम्ही भित्रे आहात. त्यांना माहीत होतं. आयव्हीने कन्फेशन केलं असणार, आणि ते बोलू शकत नव्हते, तर नुसते माझा खांदा थोपटायचे. म्हणजे बघा — बायकोला माहीत, मुलाला माहीत, मुलीला माहीत, जावयाला पण असेलच, पाद्र्याला माहीत. बिट्रिसला अर्धं माहीत, ती खरंच बोलत होती. एकटा मी. मी पडवीत उभा राहून माझं घर माझं घर म्हणून ओरडतोय आणि घर आतून माझी कीव करतंय. जेवायला वाढतंय आणि कीव करतंय. कमिटीने मला दगा दिला नाही हो. ते तर उघड समोर बसलेले. माझ्या ताटात मासा वाढणाऱ्या हाताने मला फसवलं, आणि वर म्हणायची, काटा बघून खा.

मी तिला विचारलं नाही. आठ दिवस. तिला माहीत आहे मला माहीत आहे, नेविलने सांगितलंच असणार. ती पण बोलत नाही. सकाळी चहा ठेवते, मी पितो. काल मी कपाटातून शर्ट काढत होतो तर ती मागे उभी राहिली, मला वाटलं आता बोलेल, ती म्हणाली, निळा नको, त्याचं बटण तुटलंय.

हां, मला माहीत होतं तुम्ही हे म्हणणार. मसुदा बदलू, परत नेविल एवढंच लिहू, खोटं होणार नाही. मी पण पहिल्या दिवशी हाच विचार केला. पण सगळ्या कमिटीने माझं लाल पेन बघितलंय. त्यांच्यातला प्रत्येक माणूस विचारेल, पेटीवाल्यांनी कुटुंब हा शब्द का खोडला. उद्या सकाळपर्यंत सगळ्या गावाला समजेल कोण उरलं. नेविल नाही, मी तापात होतो, शॅनन सासरी. राहिलं कोण?

फादर, तो पट्टा आहे का खिशात? स्टोल, स्टोल. नेहमी असतो ना तुम्हा लोकांकडे, आजाऱ्याकडे जावं लागतं म्हणून. घाला ना. मी बसतो गुडघ्यावर, हे बघा, दुखतात पण बसतो. हे आत्तापर्यंतचं सगळं कन्फेशन धरा. मग तुम्हाला बांधलं जाईल, तुम्ही कोणाला सांगू शकणार नाही, आणि रविवारी तुम्ही वाचा जे लिहिलंय ते, तुम्हाला जसं काही माहीतच नाही. चालेल ना? मान का हलवता? आधी बोललेलं नाही धरता येत, बरं, परत बोलतो, पहिल्यापासून बोलतो. काय? दुसऱ्याचं पाप नाही सांगता येत. स्वतःचं सांगा. माझं? माझं कसलं पाप, मी तर सहा वर्षं —

उठतो मी. धरा जरा हात. हां.

माझं पाप म्हणजे काय, राग आहे, तो सगळ्या गावाला माहीत आहे. बिट्रिसला बोललो ते आहे, ते सांगेन मी, वेगळं सांगेन, तिच्याकडे जाऊन पण सांगेन. आणि पोत मी दिली नवसाला, ते काय पाप आहे? मूल मरायला टेकलेलं. आयव्ही सिव्हिलमध्ये त्याच्या उशाशी, चार दिवस तिने कपडे बदलले नव्हते. मी घरी आलो कपडे न्यायला. तिचं कपाट उघडलं. पोत तिच्या आईची होती, आई तिच्या लहानपणीच गेलेली, एवढीच एक वस्तू राहिलेली तिच्याकडे, लग्नात पण तीच घालून उभी होती. मला दुसरं काही दिसलंच नाही, सगळ्यात मौल्यवान तेच होतं. घेतली, देवळात गेलो, मायच्या गळ्यात घातली, म्हटलं, घे, पण पोरगा दे. मग हॉस्पिटलात जाऊन आयव्हीला सांगितलं, मी पोत देऊन आलो. ती म्हणाली, माझ्या आईची? एवढंच. मी म्हटलं, हो. ती परत ओवेनकडे बघायला लागली. तिसऱ्या दिवशी तो गेला. आता मुलगा गेला तर नवस परत मागायचा असतो का? असं कोण करतं? दिलं ते दिलं. आणि ती एकदाही बोलली नाही. दरवर्षी सणाला ती इथे बसून मायचं सोनं धुवायची, पोत पण धुवायची, एकेक पोवळं ब्रशने. एकोणतीस वेळा धुतली तिने फादर, स्वतःच्या आईची पोत, दुसऱ्याची म्हणून. मी इथे खुर्चीत बसून बघायचो, मला वाटायचं किती श्रद्धेने करते. ती काही बोलली नाही म्हणजे तिला चाललं, असंच ना? मी विचारलं नाही म्हणून काय झालं. ती बोलू शकत होती. त्या पावसातल्या संध्याकाळी ती दारात —

हो. बोलायला आली होती. माहीत आहे मला, मीच सांगितलं तुम्हाला.

मी तिला तिथेच चोर करून टाकलं की नाही? पोलिसात जाऊन लिहून आलो, कोणालाही सोडू नका. आता ती कोणत्या तोंडाने सांगणार होती. नाही, पण तरी, फादर, तरी, सहा वर्षं. मला पंचेचाळीस वर्षं ओळखते ती. मला एकदा हाताला धरून खाली बसवता आलं नसतं? मी तिला जेलात घातली असती का? असं वाटलं तिला? तुम्हाला वाटतं मी घातली असती? बघू नका असं माझ्याकडे. मी काय म्हटलं असतं मला माहीत नाही. खरंच माहीत नाही. हेच मला आठ दिवस खातंय.

पत्र न्या परत. नाही, रविवारी वाचू नका. मी कमिटीला सांगेन, माझी तब्येत बरी नाही, किंवा काही नाही सांगणार, लोक काय म्हणायचं ते म्हणतील, म्हणतातच आहेत. चावी पण ठेवा तुमच्याकडे. यादी करा, वजन करा, फोटो काढा. आणि भिंतीतलं ते — त्याला हात लावायचा की नाही हे मी सांगणार नाही आणि तुम्ही पण ठरवायचं नाही. ते एकदा दुसऱ्याने ठरवून झालंय.

थांबा — फाटक वाजलं. आली. नाही, उठू नका एकदम, तिला वाटेल काहीतरी — बरं, उठा, उठलातच तर. आयव्ही, फादर आलेले. काही नाही, पत्राचं होतं. नाही, चहा नको त्यांना. पिशवी राहू दे. मासे राहू दे म्हटलं ना, मांजर खाईल तर खाईल. इथे बस. ती हलणारी नको, ह्या चांगल्या खुर्चीवर बस, मी उभा राहतो. मला तुला एक विचारायचंय, नव्वद सालचं. फादर, तुम्ही निघा आता.